किती लांब गेलात?

पुण्यात मी बर्फ पाहिला तो उसाच्या रसात. विलायतेत हॅरोच्या हॉस्पिटलात नोकरीला लागलो त्या हिवाळ्यात कार पार्कमध्येच बर्फावरून घसरलो आणि कंबर धरून वॉर्डात शिरलो. समोर खुब्याचं हाड मोडलेले स्विस आजोबा. तरुणपणी स्कीवरून हवेत उड्या मारण्यात त्यांच्या देशातले अगदी पहिल्या फळीतले; त्या खेळात उडी किती लांब गेली आणि उतरताना उभे राहिलात का, दोन्हींचे मार्क. माझी चाल बघून त्यांनी गंभीरपणे विचारलं,

"डॉक्टर, किती लांब गेलात?"

"दोन गाड्या ओलांडून."

"लँडिंग?"

"बसून."

"मार्क कापले."

ऑपरेशननंतर ते पुन्हा चालतील याची मलाच खात्री नव्हती. एके सकाळी वॉकर धरून थरथरत ते खिडकीपर्यंत पोचले. सूड उगवायची संधी मी कशाला सोडतो!

"आजोबा, किती लांब?"

"खिडकीपर्यंतच," ते धापा टाकत म्हणाले, "पण डॉक्टर, मी उभा आहे."