जागेवरून न हलता तीन तालुके फिरलेलं गाव

पेट्रोल दोनशेचं, बदलापूरला दोन मिसळी नि जादा पाव, फाट्यावर चार कटिंग, आणि वांगणीच्या पुढे खड्ड्यात पंक्चर झालेलं चाक. सगळं मिळून पाचशेच्या आतला रविवार. पण परत आल्यापासून डोकं तापलंय ते उतरत नाही, ते यात धरलेलं नाही.

जुन्या वाचकांना आठवत असेल, मागे याच ब्लॉगवर मी मिशीला पीळ देत लिहिलं होतं, की उल्हासनगरात सायकलवर नळ-पाइप विकत फिरलेल्या माणसाची आज दोन घरं आहेत. एक अंबरनाथ पूर्वेला आणि दुसरं वांगणीच्या बाजूला, डोंगराखालच्या कॉम्प्लेक्समधला फ्लॅट. दर शनिवार-रविवार आम्ही तिथली हवा खातो, असंही ठोकून दिलं होतं. बिल्डरच्या जाहिरातीत त्या जागेला 'न्यू बदलापूर' म्हणतात. घरपट्टी मात्र खडकशेत ग्रामपंचायतीत भरावी लागते. ते खडकशेत मी आजवर पाहिलंच नव्हतं. आपण ज्या गावचे रहिवासी ते गाव एकदा बघावं तरी, म्हणून उल्हासनगरचा दोस्त परसू मोटवानीला मागे बसवलं आणि निघालो.

जाणाऱ्यांसाठी सांगतो: ऊन चढायच्या आत बदलापूर सोडा. वांगणीपर्यंत रस्ता ठीक आहे, फाट्यानंतर डांबर नावापुरतं. भात कापून झालंय, शेतात वाल चांगला उठलाय, थंडीत डोंगर झकास दिसतो. पाण्याच्या बाटल्या भरून न्या. वर मिळणार नाही.

फाट्यावरच्या टपरीत एक पंचायत सदस्य भेटले. पांढरा शर्ट, खिशात दोन फोन. गावाबद्दल विचारल्यावर खुलले.

"आमचं गाव जागचं हललं नाय शेठ, पण तीन तालुके फिरलं. आजोबांच्या टायमाला कल्याण, मग उल्हासनगर, आता अंबरनाथ. दाखला काढायला गेलो की म्हणतात, जुनं दप्तर मागच्या तालुक्यात राहिलं."

परसू म्हणाला, "साईं, मेरा बाप सिंध से आया, उसको भी इतने ऑफिस नहीं बदलने पड़े!"

सदस्य पोट धरून हसले. "पण आता गाव मोठं झालं. लोकसंख्या कुठच्या कुठे गेली! फ्लॅटमागे पाच डोकी धरली, तवा तर टाकी मंजूर झाली."

"आणि वरची वाडी?" मी विचारलं. डोंगरात कातकऱ्यांची वस्ती आहे एवढं ऐकून होतो.

"तिथे कोण ऱ्हातंय? माणसांच्या मागच्या मोजणीत बहुतेक घरं बंदच सापडली."

गाडी खाली लावून आम्ही वर चढलो. चढ दमछाक करणारा आहे, चपला घालून जाऊ नका. वाडीच्या तोंडाशी सिमेंटचा ओटा, त्यावर ओळीने नळ. मी पाइप विकून पोट भरलेला माणूस, हात शिवशिवले. एक फिरवला. कडक. दुसरा त्याहून कडक. वापरलेला नळ असा नसतो.

"फिरवा, फिरवा. येनारा परत्येक फिरवून जातो."

मागे एक म्हातारी, डोक्यावर हंडा, कमरेवर कळशी. ओढ्यात खणलेल्या डवऱ्यातून पाणी घेऊन आलेली. बुधीबाई.

"मावशी, पाणी कधी येतं?"

"फीत कापली त्या दिशी आलं व्हतं. टँकरनं."

परसू हळवा माणूस. "मावशी, हमारे दुकान से पाइप भेजता हूँ, फुकट में."

"पायप हाय रं बाबा. पानी नाय."

घराघराला कड्या होत्या. माणसं कुठे गेली विचारलं तर तिने हंडा उतरवला आणि माझ्याकडे असं बघितलं, जसा मीच तो मोजणारा.

"भट्टीवं. दिवाळी झाली की ट्रक येतो. लेक, सुना, पोरंटोरं समदी इटा थापाय जातात. येतात ती पावसाच्या तोंडाला. आन मोजनारा येतो होळीच्या आधी. कडी बघतो, 'बंद' लिवतो, जातो. मी म्हनलं, पावसात ये, पोरं मोजून दमशील. तर म्हनतो, पावसात रस्ता नाय."

"मग?"

"आता परत मोजनी यायची म्हनतात. तवाबी समदी भट्टीवंच. म्हंजे परत आमी नाय. आमी नाय तर पानी कुनाला सोडायचं?"

ओट्यावरून खाली आमचं कॉम्प्लेक्स दिसत होतं. शेजारी खडकशेतची निळी टाकी, भरून वाहणारी. माळी लॉनवर पाइप धरून उभा.

उतरलो ते थेट टपरीत. सदस्य तिथेच होते, त्यांना मोठ्याने सुनावलं. पोटासाठी दाराला कडी घालून गेलेला माणूस तुमच्या लेखी मेला का? मोजणारा भट्टीवर का जात नाही? डोंगर चढायचा कंटाळा, म्हणून अख्खी वाडी पुसून टाकायची?

सदस्य कोऱ्या चेहऱ्याने म्हणाले, "भट्टी दुसऱ्या तालुक्यात, शेठ. तिथले म्हणतात, ही आमची माणसं नाहीत." आणि वर, "तुम्ही त्या कॉम्प्लेक्समधलेच ना? टाकी तर तुमचीच आहे. कशाला तापता?"

परसूने दंड धरून मला बाहेर ओढलं. "चल, तेरे फ्लैट पे चाय पीते हैं."

किल्ली अंबरनाथला राहिली होती.

घरी आल्यावर बायकोने पाण्याचा तांब्या पुढे केला, तो बराच वेळ तसाच राहिला. बुधीबाईचा लेक ज्या भट्टीवर आहे तिचा पत्ता घेऊन आलोय. मोजणी लागली की मोजणाऱ्याला माझ्या गाडीवर बसवून तिथे नेणार. येईल की नाही, माहीत नाही. दुसऱ्या घराबद्दलची ती जुनी पोस्ट काढून टाकणार होतो, पण राहू दे. वाचताना एवढं लक्षात ठेवा: त्या फ्लॅटला दिवाळीपासून कुलूप आहे.