पिवडीचा नवरा, निळीची बायको

पेणकडं भिंतीचा रंग आणि वेळ यांचं नातं शेंबड्या पोरालाही ठाऊक. पिवळ्या मातीची पिवडी फासलेल्या खोलीत वेळ धावतो, निळीच्या खोलीत रेंगाळतो, आणि साध्या चुन्याच्या भिंतींत आपल्या पावलानं चालतो. शाळेत याला रंगकाळशास्त्र म्हणतात, जिते गावच्या मिठागरावर नुसतं 'भिंतीची चाल'. बायका आंब्याची अढी पिवडीत घालतात आणि मासळी निळीत ठेवतात. शास्त्र म्हणून कोणी वेगळं काय करत नाय.

जित्याचा कमळाकर पेणला गणपतीच्या कारखान्यात कामाला होता. श्रावणात हवा ओली, शाडू वाळता वाळत नाय, म्हणून मालक मोरोपंतांनी कारखाना आतून पिवडीनं माखलेला. बाहेर एक दिवस सरेस्तोवर आत दोन सरत. कमळाकर देवाच्या डोळ्यांची आखणी करायचा. सकाळी गुळगुळीत दाढी करून, दोन डबे घेऊन निघायचा आणि दिवेलागणीला गालावर खुंट घेऊन यायचा. हाताला काम आहे, देव वाळतोय, मग झालं, असा त्याचा हिशेब.

हिशेब चुकतोय हे कळलं रोह्याच्या बाजारात. त्याची बायको सरू कासारणीपुढं हात देऊन बसलेली, हा पिशवी धरून मागं उभा. कासारीण बांगडी चढवता चढवता म्हणाली, "बापाला सावलीत बसव गो. उन्हात कशाला उभा केलास?"

सरू एस्टीत पदर तोंडाला लावून हसत होती. कमळाकर नागोठणं येईस्तोवर आपल्या गालांवरनं हात फिरवत राहिला.

लग्नात दोघं एका वयाची. आता त्याच्या कानावरचे केस पिकलेले, ही तशीच्या तशी. पोरबाळ नव्हतं. आपण असेच पुढं पळत राहिलो तर एक दिवस ही मागं एकटी राहील, भांडायला म्हणून घरात माणूस नसेल, ही गोष्ट त्याच्या डोक्यात बसली ती उठेना.

मग त्यानंच उपाय काढला. चुन्यात नीळ कालवली आणि घराच्या चारी भिंती आतून गर्द निळ्या केल्या. दिवसा कारखान्यात वाढलेलं वय रात्री घरात थोपवायचं.

झालं भलतंच. पाठ टेकून डोळा लागतो न लागतो तोच बाहेर कोंबडा. झोपेचं खोबरं झालं. आणि सरू? ती तर दिवसरात्र निळीत. तिनं चुलीवर ठेवलेला भात शिजेस्तोवर शेजारच्या बायजाबाईची जेवून भांडी घासून होत. बायजाबाई कुडाआडून विचारायची, "भात शिजवतेस गो, का अजून पेरतेस?"

दोन-चार गणपती असेच गेले. कमळाकराच्या भुवया पांढऱ्या झाल्या आणि सरू अजून नव्या नवरीसारखी दिसायची. घर रंगवलं त्यानं स्वतःसाठी, पण घरात राहत होती ती. अंतर मिटायचं सोडून वाढतच गेलं.

त्या साली आखणी करताना त्याचा हात पहिल्यांदा थरथरला. देवाचा एक डोळा तिरका गेला. मोरोपंतांनी तो डोळा पुसून मूर्ती दुसऱ्या माणसाला दिली. संध्याकाळी कमळाकरानं हे चुलीपाशी बसून सांगितलं. सरूनं फुंकणी खाली ठेवली.

"उद्यापास्नं तुमी घरात ऱ्हा. मी जाते कारखान्यात."

"तुला डोळं आखता येतात?"

"घासता येतं. मातीला पॉलिशपेपर मारायला डोळं कशाला आखता यायला पायजेत?"

"लवकर पिकशील गो."

"मग? तुमी एकटंच पिकणार व्हय?"

मोरोपंतांनी थोडी कुरकुर केली, मग दाराजवळची जागा दिली. दोन डबे आता सरू नेऊ लागली. कमळाकर निळीत बसून भात शिजवायचा आणि बायजाबाईची बोलणी खायचा. हाताची थरथर काय गेली नाय, पण भाताला तिची अडचण नव्हती. सरूचा पहिला केस पांढरा झाला तेव्हा नवी नथ दाखवावी तसा तिनं तो त्याला दाखवला. त्याला ते बघवलं नाय. पण नजरही हलली नाय.

काही वर्षांनी दोघांच्या डोक्यांवर सारखंच मीठ दिसू लागलं. कमळाकर म्हणाला, झालं, आता बस कर. सरू ऐकेना.

"अजून एक हंगाम," ती म्हणाली. "मागं राहून कसं वाटतं ते तुमाला बी कळू दे जरा."

तो हंगामभर कमळाकर ओट्यावर बसून रस्त्याकडं बघत राहिला. घरात जाईना, निळीत आणखी मागं पडू म्हणून पाय ठेवायला घाबरायचा. दुपारचं जेवणही ओट्यावरच.

गौरी-गणपती उरकले. सरू डबे वाजवत घरी आली आणि उंबऱ्यातूनच म्हणाली, चुना भिजत घाला. दोघांनी मिळून निळीवर पांढरे हात मारले, दोनदा मारले, तेव्हा कुठं ती झाकली. त्या दिवशी सरूचा भात आणि बायजाबाईचा भात एकदमच उतरला.