बूट गळ्यात घालून चढलेली खिंड

धोंडूचे दोन्ही पाय आगीत होते आणि त्याला ते कळत नव्हतं. वास आधी मला आला. मी त्याला काखेत धरून मागं ओढलं, तर टाचेची कातडी निखाऱ्याला चिकटून राहिली. तो माझ्याकडे बघून हसला. म्हणाला, "राहू दे गं बाय. बरं वाटतंय. दुखत नाय काय."

दिवस अजून मावळला नव्हता. खिंडीच्या पलीकडच्या अंगाला दगडांची एक झोपडी होती, तिच्यात आम्ही दाटीनं बसलो होतो. बाहेर बर्फ पडत होता.

धोंडू माझा धाकटा भाऊ, पायोनियर पलटणीत नाईक. तो गेल्या साली वारला. आमच्या भिवपुरीत आता पोरांना सांगतात की धोंडू नाईकाचे पाय रूसच्या तोफेनं नेले. सांगणारे खंडाळ्याच्या वर कधी गेलेले नाहीत. त्या दिवशी एकही गोळी सुटली नाही. रूसचा माणूस मी जन्मात पाहिला नाही आणि धोंडूनंही नाही. मला पलटणीच्या शाळेत चार इयत्ता झाल्या आहेत. तेवढ्यात मावेल ते लिहिते.

मी शिपाई नव्हते. माझा नवरा हवालदार होता, तो पटकीनं गेला. मग पलटणीच्या इस्पितळात बायकांच्या खाटांवर मला कामाला ठेवलं. तिथल्या डॉक्टर साहेबाची बदली काश्मीरच्या पलीकडं, रूसच्या सरहद्दीकडच्या गिलगिटला झाली. त्याची मॅडम उन्हाळ्यातच पुढं गेली होती आणि तिला दिवस होते. बाळंतपणाला ओळखीची बाई हवी म्हणून साहेबानं मला बरोबर घेतलं. रस्ता फोडायला पायोनियरांची एक तुकडीही त्याच्याबरोबर निघाली. पाच जणांची, पाचही आमच्याच बाजूचे. बोरघाटात रेल्वे झाली तेव्हा यांच्या बापांनी सुरुंग लावले होते, म्हणून सरकारला वाटलं की ही माणसं कुठलाही डोंगर फोडतील. यांनाही तसंच वाटत होतं. तुकडीचा हवालदार राघोजी, चौक गावचा. त्याला तर डोंगर म्हणजे आपल्या घरचा गोठा वाटे.

तिकडं काय आहे, असं लोक विचारतात. दगड आहे. आमच्या डोंगरावर झाड आहे, गवत आहे. तिथला डोंगर सोललेल्या म्हशीसारखा. वरच्या बर्फाचं पाणी कड्याला पाट कोरून आणतात. पाट पोचतो तेवढंच गाव हिरवं, त्याच्यापुढं पुन्हा दगड. जर्दाळू खायचे, बी फोडून तेही खायचे, वर्षातून दोनदा अंघोळ करायची. नदीच्या एका काठाला हुंझाचं राज्य, दुसऱ्या काठाला नगरचं. बोली एक, टोपी एक, पण पिढ्यान्‌पिढ्या वैर. दोघं एकमेकांना चोर म्हणत आणि दोघंही खरं बोलत. त्यांच्यावर काश्मीरच्या महाराजाचे डोग्रे शिपाई बसलेले, डोग्र्यांवर इंग्रज. प्रत्येक जण खालच्याच्या पाठीवर ओझं देई. या फुकट ओझ्याला बेगार म्हणत. काश्मीरच्या गावांतून माणसं धरून आणत आणि गिलगिटपर्यंत धान्य वाहायला लावत. बेगारीला गेलेल्याच्या घरी आधीच रडून घेत. हा त्या मुलखाचा इतिहास. याच्यापेक्षा जास्त मला कोणी सांगितला नाही.

डॉक्टर साहेबाला मात्र जास्त हवा होता. तो त्या मुलखावर पुस्तक लिहीत होता. वाटेतल्या प्रत्येक गावात तो माणसं रांगेत उभी करी आणि लोखंडी चिमट्यानं त्यांची डोकी मोजी. एका म्हाताऱ्याचं नाक बघून त्यानं ठरवलं की हा सिकंदराच्या शिपायांचा वंशज. म्हाताऱ्याला तंबाखू मिळाली होती, तो हो म्हणाला. साहेब रोज डोकी मोजत होता. पाय कोणी बघत नव्हतं.

आमच्या हमालांचा मुकादम कादिर म्हणून काश्मीरचा होता. तोंडाचा फाटका, सदा कुरकुरणारा. त्याचा भाऊ याच वाटेवर बेगारीत मेला होता, ते तो सगळ्यांना पुन्हा पुन्हा सांगे. दिवाळी होऊन गेली होती. खिंडीखाली तो म्हणाला, वर ढग आहे, दोन दिवस थांबा. साहेबाला बायकोची घाई. कूच करायची ऑर्डर निघाली.

काश्मिरी हमाल भाताच्या पेंढ्याच्या वहाणा वळतात. बर्फावर त्या घसरत नाहीत. आत लोकरीच्या चिंध्या गुंडाळल्या की पाय कोरडा राहतो. कादिरनं वहाणांची एक मोळी शिपायांपुढं आणून टाकली. आमची माणसं भातशेतीवाली. राघोजी म्हणाला, "पेंढा म्हशी खातात रं. आमी काय म्हशी हाव?" सगळे हसले. धोंडूनं एक वहाण शेजारच्याच्या तोंडापुढं धरून हंबरून दाखवलं. कादिर मोळी उचलून परत गेला. मी त्याच्यामागं जाऊन एक जोड मागून घेतला. मला कोणी शिपाई म्हणत नव्हतं, तेव्हा लाज वाटायचं कारण नव्हतं.

सरकारी बुटांना खाली लोखंडी खिळे होते. अर्ध्या चढावर बर्फ टणक झाला आणि माणसं पडायला लागली. साहेब तट्टावर पुढं निघून गेला होता. राघोजीनं हुकूम दिला, "हॉल्ट. बूट काढा."

आमच्याकडं पावसात घाट चढताना निसरडं लागलं की पायातलं काढून हातात घेतात. बोटं दगडाला धरतात. लहानपणापासून सगळे तसंच चढलेले. कोणाला त्यात वावगं वाटलं नाही. बंद एकमेकांना बांधून त्यांनी बूट गळ्यात घातले आणि अनवाणी निघाले. पहिला टप्पा ते खरंच झपाझप चढले. राघोजी हमालांकडं बघून म्हणाला, "बघा रं, घाट चढनारा पाय." माथ्यावर वारा लागला आणि बर्फ सुरू झाला. उतरताना धोंडू मला म्हणाला की मघाशी पाय फार दुखत होते, आता थांबले. मी त्याला बूट घाल म्हटलं. बूट लाकडासारखे झाले होते, पाय आत जाईना.

झोपडीत शिरलो तेव्हा त्यांचे पाय मुळ्यासारखे पांढरे होते. हमालांनी काट्याकुट्याची आग केली होती. कादिरनं पाय पाहिले आणि आपला लोकरीचा पायघोळ झगा वर केला. पोटावर हात मारून म्हणाला, "आगीजवळ नको. इथं लावा. तंबाखू द्यावी लागेल." त्याच्या माणसांनीही झगे वर केले.

सखाराम म्हणून आमच्यातला एक होता, कर्जतचा, जातीचा आळशी. जिथं ऊब दिसेल तिथं पसरणारा. त्यानं काही न विचारता कादिरच्या पोटावर पाय टाकले. राघोजी ओरडला की मुसलमानाच्या पोटाला पाय लावणाऱ्याला मी पंगतीला घेणार नाही. धोंडूची अडचण वेगळी होती. चुकून कोणाला पाय लागला तर आपण हात लावून नमस्कार करतो. तो मला म्हणाला, "जित्या माणसाच्या पोटावर पाय देऊ? आयनं हेच शिकवलं का गं?" आणि आगीकडं सरकला. बाकीचेही सरकले. मी सखारामचे पाय नीट झाकत होते, पाठ फिरलेली होती. मग वास आला.

साहेब पुढच्या मुक्कामावरून मागं आला, त्यानं पाय पाहिले. बूट कोणी काढायला लावले, असं त्यानं विचारलं. राघोजी उभा राहायला गेला, पडला, आणि पडल्या पडल्या म्हणाला, "मी, साब." त्याच्या बाजूनं सांगण्यासारखं एवढंच आहे.

त्यांना हमालांच्या पाठीवर घालून गिलगिटला नेलं. तोवर सखाराम सोडून बाकीच्यांचे पाय काळे पडले होते आणि काळं वर सरकत होतं. साहेब म्हणाला, कापावे लागतील, आज ना उद्या नाही, आजच. राघोजी म्हणाला, दोन पायांनी आलो, दोन पायांनीच जाईन. हवालदार नाही म्हणाला म्हणून तुकडीतले बाळू आणि गणूही नाही म्हणाले. पलटणीत माणसं अशी मरतात.

धोंडूनं भिंतीकडं तोंड केलं. मी त्याच्या खाटेवर बसले.

"कापून घे," मी म्हटलं.

"आन् गावाला कोन नेनार मला? तू?"

"इथं मेलास तर जाळायला लाकूड नाय. पुरतील."

त्यानं तोंड माझ्याकडं वळवलं. मग म्हणाला, "राघोजीला?"

"त्यालाबी."

पलीकडच्या खाटेवरून सखाराम म्हणाला, "जाऊ देत रं नाईक. घाट चढाय आता आगगाडी हाय."

धोंडू हसला. हसता हसता रडला आणि साहेबाला बोलाव म्हणाला. भांडं मी धरलं होतं. गुंगीचं औषध होतं म्हणून तो ओरडला नाही. शुद्धीवर आल्यावर त्यानं मला आईवरून शिव्या दिल्या, तेव्हा हा जगणार हे मला कळलं.

मॅडमची सुटका नीट झाली, मुलगी झाली. साहेबाचं पुस्तक पुढं छापून आलं. पलटणीच्या कारकुनानं मला त्यातलं वाचून दाखवलं. नाकं, डोकी, सिकंदर, सगळं होतं. आमच्या माणसांबद्दल एक ओळ होती, की पश्चिमेकडचे शिपाई थंडीला नाजूक असतात. कादिर तंबाखू घेऊन पुढच्या खेपेला निघून गेला. त्याचं पुढं काय झालं ते मला माहीत नाही. झगे वर करणाऱ्या बाकीच्या हमालांची नावं मी विचारली नाहीत.

राघोजी हवालदार, चौक. बाळू, लोधिवली. गणू, खालापूर. तिघांना नदीकाठी दगडाखाली पुरलं. सखाराम, धोंडू आणि मी जगलो.