आईच्या डब्याला लागलेला बोल

कॉलेजात असताना माझा डबा एसटीने यायचा. आई सकाळी पितळी डबा फडक्यात बांधून पारोळ्याकडून येणाऱ्या गाडीच्या कंडक्टरच्या हवाली करायची आणि जळगावच्या स्टँडवर मी तो उतरवून घ्यायचो. खेड्यातून आलेल्या आम्हा बहुतेक पोरांचं पोट असंच चाले. वाटेत डब्याला कुणी हात लावेल, अशी शंका कधी कुणाच्या मनात आली नाही.

खोलीतला माझा जोडीदार धुळ्याचा. वडील नव्हते, मामाकडे वाढलेला. पहिल्या वर्षी मी तापाने पडलो, तेव्हा त्याने माझ्या कपाळावर पट्ट्या ठेवल्या आणि तिथून पुढे त्याने मला सोडलंच नाही. माझ्या वह्या तो उतरवून काढी, डबा आणायला तोच जाई. कंडक्टर त्याला चिडवायचा, "काय वहिनी, मालक नाही आले का आज?" खोलीवर येऊन हे सांगताना तो हसत नसे. मी हसायचो. मला ते आवडत होतं, हे लिहायलाच हवं. घरात भावंडांच्या गर्दीत माझ्याकडे कुणी एवढं लक्ष दिलं नव्हतं.

दुसऱ्या वर्षी ते लक्ष अंगावर येऊ लागलं. मी कुणाशी बोललो, कशावर हसलो, याचा तो हिशेब मागे. उत्तर पटलं नाही तर उपाशी राही. एकदा शांतपणे म्हणाला, "तू मला सोडून गेलास तर काहीतरी होईल. तुला किंवा मला."

वर्गाची सहल निघाली. त्याला न विचारता मी नाव दिलं आणि निघायच्या सकाळीच मला जुलाब सुरू झाले. चुलतभावाच्या लग्नाला निघालो, तेव्हाही तेच. दोन्ही वेळा त्याने किळस न करता माझं सगळं केलं. दुसऱ्या वेळी अंथरुणावरून मी त्याचा चेहरा पाहिला. तो सुखात होता. मला भीती वाटली, पण ती कुणाला सांगावी कळेना. मित्र फार जीव लावतो, ही काय तक्रार झाली?

मग दीपनगरला नोकरीच्या मुलाखतीचं बोलावणं आलं. आदल्या दुपारी त्याने डबा आणून ठेवला आणि पाणी भरायला गेला. मी फडक्याकडे पाहिलं. आई गाठ इतकी आवळायची की ती दातांनी सोडवावी लागे. ही गाठ सैल होती.

तेवढ्यात नशिराबादहून सायकलवर येणारा वर्गमित्र दारात आला. नेहमीसारखा भुकेला.

"काय पाठवलंय काकूंनी?"

"कढी असेल. तू खा. मला भूक नाही."

"तुला भूक नाही? मुलाखतीची घाबरगुंडी का, साहेब?"

तो हसत जेवायला बसला. मी त्याला थांबवलं नाही. मनात एवढंच होतं, बघू तरी. जोडीदार कळशी घेऊन परतला, जेवणाऱ्याला पाहून दारातच थबकला आणि मग माझ्याकडे पाहू लागला. त्यानेही त्याला थांबवलं नाही.

संध्याकाळी त्या पोराला सिव्हिल हॉस्पिटलात न्यावं लागलं. डोळे खोल गेले होते, हात गार पडले होते. दोन दिवस तो जगतो की नाही, कळत नव्हतं. डॉक्टरांनी डबा मागवला, आतून बोट फिरवलं आणि म्हणाले, "कल्हई उडालीय. यात आंबट कढी? कळकणार नाही तर काय?" सगळ्यांना ते पटलं. मीही मान हलवली.

पोरगा वाचला. जोडीदार सामान घेऊन धुळ्याला निघून गेला. मी त्याला गाठलं, तेव्हा तो मामाच्या दुकानात सुतळी गुंडाळत होता.

"काय घातलं होतंस?"

"जमालगोटा. या वेळी जास्त पडला." मग त्याने वर पाहिलं. "मी तुला थांबवत होतो. तू त्याला का खायला दिलंस?"

मी दुकानातून बाहेर पडलो.

गोष्ट गावात पोचली ती आईच्या नावाने. लग्नकार्यात खापरावरचे मांडे करायला पंचक्रोशीतून तिला बोलावणं येई. बोलावणं थांबलं नाही, तीच जाईना. "माझ्या हातचं नको," म्हणे. वीस-बावीस वर्षं मी ते ऐकत राहिलो. एक शब्द बोललो असतो तर ती सुटली असती. पण मग मला त्या दुपारचं सगळंच सांगावं लागलं असतं.

गेल्या दिवाळीत सांगितलं. ती बराच वेळ तळहात चोळत राहिली.

"इतला दिन काब्र नही बोलना?"

"भीती वाटली."

"त्या पोऱ्याले माहीत शे का?"

"नाही."

"मंग माले काय सांगस? त्याले सांग."

तो नशिराबादलाच आहे. शेती करतो, पोट कायमचं नाजूक झालंय. भेटला की आधी आईची तब्येत विचारतो, आणि म्हणतो, "काकूंना सांग, जुनं मनात ठेवू नका." परवा मी त्याच्या ओट्यावर तासभर बसलो. त्याने दोनदा चहा पाजला. पिकाचं बोललो, पोरांचं बोललो. निघताना तो सोबत रस्त्यापर्यंत आला, आणि गाडी येईपर्यंत आम्ही दोघं उभे होतो. घरी आल्यावर आईने फक्त माझ्या तोंडाकडे पाहिलं आणि ताट वाढायला उठली.