सहाव्या प्रकरणाची पिन

एम.टेक.च्या एका विषयाचं उत्तरांचं पुस्तक वर्गातल्या सगळ्यांच्या मोबाइलवर होतं. कुठून आलं, कोणी विचारत नव्हतं. आम्ही दोघींनी मात्र सरांकडे रीतसर मागितलं. त्यांनी प्रकाशकाला विचारून निवडक गणितांच्या उत्तरांची एक प्रत दिली आणि बजावलं, "आधी डोकं लढवा, मग उघडा."

मैत्रीण धुळ्याच्या एका डिप्लोमा कॉलेजात कंत्राटावर शिकवायची. एम.टेक. झालं तरच तिची नोकरी कायम होणार होती. फक्त शनिवारी वर्गाला एस.टी.नं जळगावला यायची. शिस्तीची इतकी, की तिनं प्रत्येक प्रकरणाची पानं कडेला स्टेपलरची पिन मारून बंदच करून टाकली. स्वतः प्रयत्न केल्याशिवाय पिन काढायची नाही, आणि काढली तर दुसरीला सांगायचं. प्रत एक आठवडा तिच्याकडे, एक माझ्याकडे. मला हे सोवळं जरा अतीच वाटायचं, पण तिच्यापुढे कोण बोलणार.

पाच प्रकरणांच्या पिना निघाल्या. कधी तिनं काढली, कधी मी. सहाव्यापासून मात्र सगळं बंद. प्रत हातात आली की मी आधी कडा बघायची आणि मनातून जळायची. हिला उत्तर बघावंही लागत नाही. मी स्वतः अडले की सरांच्या केबिनमध्ये जाऊन बसायची. माझं घर कॉलेजच्या मागेच. त्यामुळे मलाही पिन काढायची वेळ आली नाही. सरांना विचारलं तर सांगायचं, असं आमच्या नियमात नव्हतं.

ती त्याच एका विषयात नापास झाली. निकाल लागला तशी तिनं फोन केला. म्हणाली, "सहाव्याना पहिलाच गणितमा अटकेल व्हतू मी. पन तुले गरज पडनी नही, मंग मी कशी काढू पिन?"

"मी सरांना विचारत होते गं," मी म्हणाले.

ती रडली नाही, भांडलीही नाही. नुसतं "बरं" म्हणाली. ते बरं मला अजून सोसत नाही.

तिच्या पुढच्या परीक्षेपर्यंत धुळ्याचं कॉलेज थांबलं नाही. तिच्या जागेची जाहिरात निघाली. मी तिला विचारूनच अर्ज केला. "कर," ती म्हणाली, "जागा रिकामी थोडीच राही?" तिच्या आवाजात राग असता तर बरं झालं असतं.

आता ती धरणगावला दहावीच्या शिकवण्या घेते आणि मी धुळ्यात तिच्या वर्गावर उभी असते. सहाव्या प्रकरणाची पिन मी नंतर काढली. पहिल्या गणितातली अवघड पायरी तिथे एका ओळीत सोडवलेली आहे.

वर्गात एखादा विचारतो, "मॅडम, उत्तर बघितलं तर चालेल का?"

"बघ," मी म्हणते, "पण आधी कुठे अडलास ते सगळ्यांना ऐकू जाईल असं सांग."

पोरं हसतात. त्यांना वाटतं, मॅडम फार कडक आहेत.