दाराबींचं अकरावं प्रकरण

रत्नदीप खरातला मी पहिल्यांदा पाहिलं ते सिंगापुरात, आमच्या बेडोकच्या ब्लॉकच्या जिन्यात. लिफ्ट धडधाकट असताना हा माणूस सात मजले पायी चढायचा, वर पोचला की पुन्हा उतरायला लागायचा. "व्यायाम का?" मी विचारलं. "नाही हो," तो म्हणाला, "घरात बसवत नाही."

हे २०१२ सालचं. रत्नदीप औरंगाबादचा. तिथल्या कॉलेजात तो तासिका तत्त्वावर फारसी शिकवायचा. जुनी फर्मानं, सनदा वाचण्यात त्याचा हात धरणारं कुणी नव्हतं. पण वर्गात विद्यार्थी तीन, कधी दोन. त्याची बायको जान्हवी पाणी शुद्ध करण्याच्या पडद्यांवर संशोधन करायची. तिला सिंगापूरला नोकरी लागली, आणि खरातांचं बिऱ्हाड इथे आलं. तिच्याकडे एम्प्लॉयमेंट पास, याच्याकडे डिपेंडंट पास. त्या दुसऱ्या पासवरचा शब्द त्याला रोज टोचायचा. सकाळी लेकीला, नऊ वर्षांच्या जाईला, शाळेत सोडलं की दिवस उरायचा. एमआरटीत, म्हणजे इथल्या मेट्रोत, बसून तो भलत्याच स्टेशनवर उतरायचा आणि चालत घरी यायचा. घरातही हॉलमधून स्वयंपाकघरात, तिथून पुन्हा हॉलमध्ये. जाई इथल्या शाळेत उचललेल्या इंग्रजीत म्हणायची, "बाबा, सिट डाऊन लाह. यू मेक मी डिझी."

जान्हवीच्या प्रयोगशाळेत नसीम दाराबी नावाची इराणी इंजिनिअर होती. एकदा जेवताना ती जान्हवीला म्हणाली की वडिलांनी आठवणी लिहिल्यात, त्यांना त्या इंग्रजीत हव्यात, पण इथल्या ओळखीच्या इराण्यांपैकी कुणी हात लावायला तयार नाही. सगळ्यांचे आईबाप, भाऊ तेहरानमध्ये. उद्या नाव फुटलं तर? जान्हवी म्हणाली, "माझ्या नवऱ्याला फारसी येते." नसीमला आधी ती थट्टाच वाटली.

समुद्राकाठी मरीन परेडला एका कॉन्डोत, म्हणजे खासगी इमारतीत, अकराव्या मजल्यावर हूशंग दाराबी लेकीकडे राहायचे. वय बहात्तर. रत्नदीपने पहिल्या दिवशी अदबीने दोन वाक्यं बोलून दाखवली आणि म्हातारा हसत सुटला. "बेटा, तू तर शहा अब्बासच्या दरबारात अर्ज घेऊन आल्यासारखा बोलतोस!" सनदांमधली फारसी ती, बोलीपेक्षा साडेतीनशे वर्षं जुनी. पण हळूहळू जमलं. रत्नदीप त्यांना 'आगा', म्हणजे साहेब, म्हणायला लागला. दाराबींना फारसीतून मराठीत आलेले शब्द ऐकायची हौस लागली. दरवाजा, कागद, हजर, जमीन, शाई. प्रत्येक शब्दाला ते टेबलावर हात मारायचे. एकदा रत्नदीपने त्यांना 'इस्लाह'बद्दल विचारलं. ते म्हणाले, "राज्यकारभार सुधारायचा तोही इस्लाह, लेखातली चूक दुरुस्त करायची तोही इस्लाह, आणि न्हाव्याकडे जाऊन दाढी करायची तोही इस्लाह. आम्ही आयुष्यभर पहिल्याच्या मागे लागलो. साधला फक्त तिसरा."

त्या घराण्याची कथाच तशी होती. आजोबा तबरीजचे. शहाच्या मनमानीला कायद्याचा लगाम घालायचा म्हणून जी चळवळ उभी राहिली तिच्यात ते होते. तबरीजला वेढा पडला तेव्हा शहरात धान्य संपलं आणि लोकांनी गवत खाल्लं, तेही त्यांनी खाल्लं. वडील शाळामास्तर. १९५३ साली पंतप्रधान मोसद्देक यांचं सरकार उलथवलं गेलं आणि त्यांचं नाव घेणाऱ्या या मास्तरांची नोकरी गेली. हूशंग स्वतः १९७९ च्या क्रांतीत रस्त्यावर उतरले, पुढे निराश झाले, आणि १९९७ नंतर जरा मोकळं वारं सुटलं तेव्हा त्यांनी एक छोटं दैनिक काढलं. अडीच वर्षं चाललं. मग एका वसंतात एकामागून एक वर्तमानपत्रं बंद झाली, त्यात तेही गेलं. संपादक म्हणून दाराबींना अटक झाली. दोन महिने एकांतकोठडी. तिथली सवय अजून सुटली नव्हती. बोलताबोलता दाराबी उठायचे, सहा पावलं जायचे, वळायचे. इतका मोठा हॉल, पण सातवं पाऊल पडायचं नाही.

"आम्ही दोघंही येरझारा घालत भाषांतर करतो," रत्नदीप मला सांगायचा. तेव्हा तो आनंदात असायचा. मे महिन्यापर्यंत दहा प्रकरणं झाली.

मग २०१३ चा जून आला. सुमात्रातल्या जंगलांच्या आगींचा धूर शहरावर बसला. खिडक्या बंद, लोक मास्क लावून फिरताहेत, समोरचा समुद्र दिसेना. त्याच आठवड्यात इराणची निवडणूक झाली आणि जरा नरम बोलणारा उमेदवार निवडून आला. दाराबी दिवसभर टीव्हीसमोर. तेहरानच्या रस्त्यांवर पोरं नाचत होती. "मी परत जाणार," ते म्हणाले. नसीमने हातातला कप खाली ठेवला आणि खोलीत निघून गेली.

दुसऱ्या दिवशी अकरावं प्रकरण काढलं. कोठडीतल्या चौकशीचं. त्यात एक वाक्य होतं: 'मी एकही नाव दिलं नाही.' रत्नदीपने ते इंग्रजीत लिहिलं, आणि दाराबी म्हणाले, "खोड ते."

"का, आगा?"

"खोटं आहे. घे, मी सांगतो ते लिही."

त्यांनी उभ्याउभ्या सांगितलं. एकोणिसाव्या दिवशी त्यांनी एक नाव लिहून दिलं होतं. लेखकाचं नव्हे, पुढाऱ्याचं नव्हे. एका मुद्रितशोधकाचं, त्याला इथे कासिम म्हणू. वर्तमानपत्रातले लेख कुठून येतात, कोण आणून देतं, ते कासिमला ठाऊक आहे, असं स्वतःच्या हाताने लिहिलं. "मोठ्या माणसाचं नाव दिलं असतं तर जगभर बोभाटा झाला असता. त्याच्यासाठी कोण बोंबलणार होतं?" कासिम दोन वर्षं आत होता. सुटल्यावर त्याला कुठल्याच छापखान्याने दारात उभं केलं नाही.

नसीम दारात उभी राहून ऐकत होती. रत्नदीप निघाला तेव्हा ती लिफ्टपर्यंत आली. "हे भाषांतर तुम्ही करायचं नाही. लोक अजून त्यांचं नाव आदराने घेतात. त्यांच्याकडे दुसरं काय उरलंय?"

रत्नदीप मरीन परेडहून बेडोकपर्यंत त्या धुरातून चालत आला. घरी पोचला तेव्हा डोळे लाल झाले होते. जान्हवी चिडली. "मास्क कुठाय तुझा?" मग त्याचं तोंड बघून तिने पाण्याचा ग्लास पुढे केला. त्याने सगळं सांगितलं. एकीकडे म्हातारा खरं सांगू पाहतोय, एकीकडे लेक त्याला वाचवू पाहतेय. त्याने कुणाचं ऐकायचं?

जान्हवी भाजी निवडत होती. म्हणाली, "त्या कासिमला कुणी विचारलं का?"

"काय?"

"अरे, तुम्ही तिघं मरीन परेडला बसून ठरवताय. ज्याचं नाव लिहून दिलं, त्याला विचारलं का, की बाबा, तुझी गोष्ट छापू का? एकदा त्याला न विचारता त्याचं नाव वापरलं. आता पुन्हा तेच करणार?"

रत्नदीपने हे दाराबींना जसंच्या तसं सांगितलं. ते उठले. सहा पावलं, वळण, सहा पावलं. चार दिवस त्यांनी लेखणीला हात लावला नाही, धड जेवलेही नाहीत. पाचव्या दिवशी नसीमनेच तेहरानला आत्याला निरोप धाडला. कासिमचा पत्ता लागला. तो एका झेरॉक्सच्या दुकानात काम करत होता. आत्याने त्याला घरी चहाला बोलावलं, आणि दुपारी दोनच्या सुमाराला मरीन परेडचा फोन वाजला.

दाराबींनी फोन स्पीकरवर ठेवला.

"कासिमजान, मी हूशंग. तुला काही सांगायचंय."

"मला माहीत आहे, आगा-ए-दाराबी."

"नाही, तुला माहीत नाही..."

"चौकशी करणाऱ्यांनी तो कागद मला दाखवला होता. खालचं नाव झाकून. अडीच वर्षं तुमचे अग्रलेख तपासले मी. तुमचं अक्षर ओळखणार नाही?" आवाज शांत होता. "चार ओळींत तीन चुका होत्या. तुम्ही कधी एकसुद्धा करत नव्हता. तेव्हाच समजलो, काय परिस्थितीत लिहिलं असेल."

दाराबी रडायला लागले. नसीम त्यांच्या खांद्यावर हात ठेवायला गेली, ठेवला नाही.

"पण मी माफ केलं असं समजू नका," कासिम म्हणाला. "मला ते जमलेलं नाही. माझ्या बायकोला तर नाहीच. पुस्तकात लिहा. माझं नाव मात्र घालू नका, माझ्या मुली शाळेत शिकवतात. आणि तुम्ही रडलात, पश्चात्ताप झाला, असलं काही लिहू नका. मी काय काम करत होतो ते लिहा. आमच्यासारख्यांचं काम कुणीच लिहीत नाही."

फोन ठेवल्यावर दाराबी खुर्चीत बसले. रत्नदीपकडे बघून म्हणाले, "लिही. मुद्रितशोधक सकाळी आठला यायचा." त्या दिवशी सात पानं झाली.

नसीमने विरोध सोडला, पण राग सोडला नाही. वडील परत जायचं म्हणत होते ते तिला थांबवता आलं नाही. २०१४ च्या मार्चमध्ये, इराणी नववर्षाच्या, नवरोजच्या, आठवडाभर आधी, दाराबी तेहरानला उतरले. विमानतळावरच त्यांचा पासपोर्ट काढून घेतला. दोन दिवस चौकशी झाली, मग बहिणीच्या घरी सोडलं. पुस्तक २०१६ साली एका लहान प्रकाशकाने काढलं. त्यानंतर त्यांना पुन्हा तीन दिवस बोलावून घेतलं. ते तीन दिवस रत्नदीपला अन्न गोड लागलं नाही. "मी हे केलं नसतं तर..." एवढंच तो म्हणायचा आणि उठून चालायला लागायचा. नसीमने वर्षभर त्याच्याशी बोलणं टाकलं.

मधल्या काळात खरातांनी वुडलँड्सला स्वस्तातला फ्लॅट भाड्याने घेतला, आणि रत्नदीपला जुन्या मलय कागदपत्रांतला फारसी मजकूर वाचायचं अर्धवेळ काम मिळालं. जान्हवी म्हणते, आता तो रात्री निदान झोपतो.

दाराबींना पासपोर्ट २०१८ साली परत मिळाला. ते सिंगापूरला आले नाहीत. दर गुरुवारी संध्याकाळी त्यांच्याकडे पाचसहा तरुण मुलंमुली जमतात. न निघणाऱ्या वर्तमानपत्राचा अंक तयार करतात, त्यावर भांडतात, आणि उठताना कागद फाडून टाकतात. कासिम एकदाच येऊन गेला. चहा घेतला, नातवंडांबद्दल बोलला. तो पुन्हा येईल का, दाराबींना माहीत नाही. नसीम दर शुक्रवारी वडिलांना फोन करते. पहिली दोन वर्षं ती "परत या" म्हणायची. आता गुरुवारी कोणकोण आलं होतं ते विचारते.