खिडकीतले भाऊसाहेब

सरकारी नोकरीत पगार महिन्याला मिळतो, किस्से रोज! कोल्हापुरातल्या आमच्या ऑफिसात मी भाऊसाहेबांच्या शेजारच्या टेबलावर, म्हणजे माझ्याकडं साठा किती असेल बघा. माणूस तसा वाईट नाही हो. पण कागद पुढ्यात आला की त्यांना माणूस दिसायचाच बंद होतो.

*

उचगावचे दोघे जुळे भाऊ आले. दोन अर्ज, दोन फोटो. भाऊसाहेबांनी फोटो बघितले आणि दोन्ही अर्ज परत!

"एकाच माणसाचा फोटो दोन्हीकडं लावलाय!"

"अवो सायेब, आमी दोघं हुबं हाय की हितं!"

"खिडकीवर एका वेळी एकच माणूस. पाटी वाचा!"

*

एकदा दुपारी अख्ख्या हॉलमध्ये हातकणंगल्याचे एकच पावणं. टोकन सत्तेचाळीस.

"नंबर एक!" भाऊसाहेबांचा पुकारा.

"मी एकटाच हाय की वो!"

"नंबर दोन!"

सत्तेचाळीस आला तेव्हा पावणं बाकड्यावर घोरत होते. भाऊसाहेबांनी शेरा मारला, 'गैरहजर'.

*

दगडूअण्णांचा किस्सा मात्र हसून सांगता येत नाही. चाळीस वर्षं अण्णांनी कोल्हापुरी चप्पल शिवली आणि नाव मोठ्या दुकानदारांचं झालं. आता दिल्लीच्या प्रदर्शनात पहिल्यांदाच स्वतःच्या नावाची पाटी लागणार होती. फक्त कारागीर असल्याचं कार्ड पाहिजे होतं.

पण ओळख पटवायचं मशीन अण्णांचा अंगठा घेईना! चामडं आणि आरी यांच्यात रेषा पार झिजून गेलेल्या.

"महिनाभर काम बंद ठेवा," भाऊसाहेब म्हणाले, "रेषा परत येतील."

"व्हय सायेब," म्हणून अण्णांनी खरंच आपल्या छोट्या दुकानाला कुलूप घातलं.

महिन्यानं, अर्जाच्या शेवटच्या दिवशी, मशीन घेऊन आम्ही दोघं पाहणीला गेलो. भाऊसाहेबांनी जागेवरच अहवाल लिहिला आणि वाचून दाखवला, 'दुकान बंद. अर्जदार व्यवसाय करताना आढळला नाही. कार्ड नामंजूर.'

"तुमीच सांगिटलं की बंद ठेवा म्हणून!" अण्णांचा आवाज चिरकला.

"तोंडी सांगितलेलं रेकॉर्डला नसतं, अण्णा."

अण्णा माझ्याकडं बघायला लागले. मला सगळं ठाऊक होतं, तरी मी खाली बघून मशीनची वायर जोडत बसलो. लाज वाटली नुसती.

"अहवाल ऐकल्याची पोच म्हणून आता अंगठा द्या," भाऊसाहेबांनी मशीन पुढं केलं.

अण्णांनी अंगठा ठेवला. मशीनवर चटकन हिरवा दिवा लागला.

भाऊसाहेब खूश! "बघा अण्णा, पटली का न्हाय ओळख?"